तुळाजीरावांची नवी चाकं

एका जंगलात, बाळांनो, रस्ता आधी आला आणि त्याच्या कडेची झाडं लावायची राहूनच गेली. त्या रस्त्यावर एकच मोटारगाडी धावायची. ती तुळाजीराव अस्वलांची होती.

तुळाजीराव मोठे प्रतिष्ठित अस्वल. गाडी असल्यामुळे प्रतिष्ठा आली, की प्रतिष्ठा होती म्हणून गाडी घेतली, हे आता कुणाला आठवत नव्हतं. त्यांनाही नाही.

गाडी जुनी होती, पण गुणी होती. बोलावलं की यायची, वळवलं की वळायची. चाकं मात्र रस्त्यावरच्या खड्ड्यांनी खाल्ली होती. चारही रिम वाकल्या होत्या आणि गंजाचे पोपडे पडत होते.

त्यात घरी अनसूयाबाईंचे दिवस भरत आले होते. अनसूयाबाई म्हणजे तुळाजीरावांच्या मंडळी. दवाखाना घाटाखाली नदीकाठी होता. तिथं सारस डॉक्टरीणबाई बाळंतपणं करायच्या. म्हणून चाकं बदलणं भाग होतं, आणि लवकर बदलणं भाग होतं.

"अहो, दुकानात जाताना जुनं चाक सोबत घ्या," अनसूयाबाई म्हणाल्या. "त्याच्याशी ताडून नवं आणा."

"अगं, ते गंजकं चाक खांद्यावर टाकून मी बाजारातून जाऊ? लोक काय म्हणतील?"

"मी बांगड्या भरायला जाते तेव्हा हात घरी ठेवून जाते का?"

ज्या गोष्टीला उत्तर सुचत नाही ती गोष्ट बायकी असते, असं तुळाजीरावांचं मत होतं. त्यांनी अंगावरचे केस विंचरले आणि ते रिकाम्या हातांनी बाजारात गेले.

बाजारात रंगनाथशेठ मोराचं चाकांचं दुकान होतं. दुकानात आरसे इतके होते, की चाक बघायला गेलेल्याला आधी स्वतःचंच तोंड दिसायचं. बहुतेक गिऱ्हाइकं तिथंच फसायची.

"कुठली गाडी?" असं शेठनं विचारलंच नाही. त्यानं विचारलं, "साहेब, किती जणांनी बघायला हवं?"

"सगळ्या जंगलानं," तुळाजीराव म्हणाले.

शेठनं चार चाकं पुढे केली. रुंद, उंच, लखलखीत. मधून सूर्यासारखे किरण काढलेले. तुळाजीरावांची छाती फुगली. तरी अनसूयाबाईंचा शब्द कुठंतरी टोचत होता. त्यांनी हळूच विचारलं, "माझ्या गाडीला बसतील ना?"

शेठनं पिसारा अर्धा उघडला, पुन्हा मिटला. त्याला वाईट वाटलं होतं.

"साहेब, हा प्रश्न तुम्ही विचारावा? चाक गाडीला बसतं का, हे हातगाडीवाले बघतात. तुमच्यासारख्यांनी गाडी चाकाला शोभते का, ते बघायचं."

तुळाजीराव ओशाळले. आपण किती मागासलेले आहोत, हे त्यांना कळलं. चाकं घेऊन ते वाजतगाजत घरी आले.

आता बाळांनो, या जंगलाची एक रीत सांगतो. नवी वस्तू दारात आली की आधी पेढे वाटायचे. तिचा उपयोग नंतर. पेढे सगळ्या आळीनं खाल्ले की ती वस्तू चांगली ठरायची. मग ती परत करता येत नसे. एकदा एका तरसानं पेढे वाटल्यावर नवं कपाट परत केलं. ते दारातून आत जात नव्हतं, एवढंच कारण. तेव्हापासून त्या घराला 'परतवाले तरस' म्हणतात. त्यांच्या मुलींना स्थळं येत नाहीत. खरं तर तरसानं दार पाडायला हवं होतं, असं जंगलाचं मत पडलं.

तुळाजीरावांनी भरपूर पेढे वाटले. चाकांना हार घातले. खुद्द सिंह महाराज आले, त्यांनी नारळ फोडला आणि "अशी चाकं आमच्या राज्यात झाली पाहिजेत," असं म्हणाले. झाली पाहिजेत म्हणजे काय, ते कुणी विचारलं नाही. महाराजांना कुणी काही विचारत नसे.

मग चाकं बसवायला गुणाजी मिस्त्री आला. हा रानडुक्कर होता. त्याच्याकडे पाना होता, पण त्याचा जीव हातोडीवर होता.

गाडीला प्रत्येक चाकाजागी पाच बोल्ट होते. नव्या चाकाला सहा भोकं होती.

"एक भोक जास्त आहे," गुणाजीनं पाहणी करून सांगितलं.

"जास्तच आहे ना? कमी तर नाही?"

"नाही, जास्तच."

"मग चांगलंच आहे की."

दोन बोल्ट आपणहून बसले. एक हातोडीनं बसवला. उरलेले दोन बसेनात, तेव्हा गुणाजीनं ते कापूनच टाकले. वाद मिटला. मधलं भोकही सैल होतं. गाडीच्या आसाचं टोक त्यात खुळखुळत होतं. तिथं त्यानं सायकलची जुनी ट्यूब कोंबली. चारही चाकांना एकच न्याय लावला.

चाक मडगार्डाला घासू लागलं. मग मडगार्ड कापलं. आता चाकं गाडीच्या बाहेर हातभर आली. सरळ जाताना गाडी थरथरायची. डावीकडे वळवली, की चाक आत कुठंतरी अडायचं आणि असा आवाज यायचा, की झाडावरचे पोपट उडून जायचे.

तुळाजीरावांनी तो आवाज पहिल्याच दिवशी ऐकला. मी मुद्दाम सांगतो, बाळांनो. त्यांना ऐकू आला. चाकं बसत नाहीत, हे त्यांना पुरतं कळलं होतं. बाजार शेजारीच होता आणि अजून वेळ होता.

पण पेढे खाल्लेले लोक दारात उभे होते.

"आवाज कसला येतोय हो?" एका सशानं विचारलं.

"दमदार गाडीला आवाज असतोच," तुळाजीराव म्हणाले.

"हो का? आमच्या डोक्यावरच्या पाटीला येत नाही," ससा म्हणाला आणि आदरानं मागे सरला.

गुणाजीनं मिशीवरून हात फिरवला. "मालक, फक्त वळू नका. बाकी गाडी एक नंबर आहे. आणि थोरामोठ्यांनी वळायचंच कशाला?"

हे तुळाजीरावांना पटलं. त्या दिवसापासून ते गाडी सरळ न्यायचे, आणि रस्ता वळला की उतरून ती मागे ढकलत आणायचे. लोक दोन्ही बाजूंनी बघायचे. जाताना एकदा, येताना एकदा. तुळाजीरावांना हे फार आवडलं. हसू नका. आपल्या बाबांकडे बघून तर मुळीच हसू नका.

अनसूयाबाईंनी हे सगळं दारातून पाहिलं. "जुनी चाकं कुठं ठेवलीत?" त्यांनी विचारलं.

"वानरांना दिली. झोके बांधलेत त्यांनी."

"आता मला दवाखान्यात न्यायचं कसं?"

"गाडीनं. राणीसारखी नेईन तुला."

अनसूयाबाईंनी पायातल्या वहाणा दुरुस्त करून आणल्या.

एके दिवशी दुपारी त्यांना कळा सुरू झाल्या. तुळाजीरावांनी त्यांना गाडीत बसवलं, चाकं पुसली आणि गाडी सुरू केली. हो, आधी चाकं पुसली. रस्त्याच्या दुतर्फा मंडळी जमली. "काय चाकं आहेत!" असं कुणीतरी म्हणालं, आणि तुळाजीरावांनी बायको कण्हत असतानाही गाडी जराशी हळू केली.

घाटाच्या तोंडाशी रस्ता डावीकडे वळतो. समोर दरी आहे. दवाखान्याला जायचं तर तिथं वळावंच लागतं.

तुळाजीरावांनी स्टेअरिंग डावीकडे ओढलं. चाक किंचाळलं आणि अडलं. त्यांनी दात-ओठ खाऊन आणखी ओढलं. तीन बोल्ट एकापाठोपाठ एक तुटले. चाक निसटलं, उतारावरून उड्या मारत गेलं आणि गाडी घाणेरीच्या झुडपात नाक खुपसून उभी राहिली. दरी तिथून हातभर लांब होती.

"अहो, उतरवा मला," अनसूयाबाई म्हणाल्या. त्यांचा आवाज शांत होता.

त्या वेळी तुळाजीराव खरंच घाबरले. एवढं त्यांच्या बाजूनं मी सांगेन. त्यांनी बायकोला उतरवलं, तिला खांदा दिला आणि चार पावलं ते तिच्याबरोबर चाललेही. तेवढ्यात मागून ललकारी आली. सिंह महाराज स्वतः बघायला येत होते.

"तू हो पुढं," तुळाजीराव म्हणाले. "महाराज आलेत. बरं दिसत नाही. मी आलोच."

अनसूयाबाईंनी त्यांच्याकडे एकदा पाहिलं आणि त्या घाट उतरू लागल्या. एकट्या, झाडांना धरधरून.

बाळांनो, तिकडे चाक मात्र दवाखान्यात वेळेवर पोहोचलं होतं. त्यानं अंगणाचं कुंपण मोडलं. आवाजानं सारस डॉक्टरीणबाई बाहेर आल्या आणि त्यांना वाटेवर बसलेल्या अनसूयाबाई दिसल्या. अंगणापर्यंत कसंबसं नेलं, तोवर बाळ झालं. आणखी थोडा उशीर झाला असता तर ही गोष्ट मी तुम्हाला सांगितली नसती. अशा गोष्टी लहान मुलांना सांगत नाहीत.

इकडे महाराजांनी विचारलं, "तुळाजीराव, काय झालं?"

सगळं जंगल गोळा झालं होतं. रंगनाथशेठ होता, गुणाजी मिस्त्री होता. 'चाकं बसत नाहीत, महाराज,' हे चार शब्द तुळाजीरावांच्या अगदी जिभेवर आले. त्यांनी लोकांच्या तोंडाकडे पाहिलं. सगळ्यांनी पेढे खाल्लेले होते.

"वळण, महाराज," ते म्हणाले. "वळणच चुकीचं आहे."

"आम्हाला तेच वाटलं होतं," महाराज म्हणाले.

"इतक्या चांगल्या चाकांपुढे असलं वळण ठेवायचंच कशाला?" रंगनाथशेठनं संतापून विचारलं. गुणाजीनं वळणाला शिवीच घातली. वळण काढून रस्ता सरळ करायचा, असं जागच्या जागी ठरलं. तुळाजीरावांचा जयजयकार झाला.

संध्याकाळी ते दवाखान्यात गेले. बाळ काळंभोर होतं आणि नाक थेट त्यांचं होतं. त्यांना भरून आलं. त्यांनी बाळाला उचलून छातीशी धरलं आणि मग आनंदाची बातमी सांगितली.

"अगं, महाराज रस्ता सरळ करताहेत. आपल्या गाडीसाठी! रस्ता झाला की तुम्हा दोघांना गाडीनं घरी नेतो."

"रस्ता सरळ केला तर तो कुठं जाईल?" अनसूयाबाईंनी विचारलं.

"कुठं म्हणजे? सरळ."

"सरळ दरी आहे. मी इथं वळणाखाली आहे."

तुळाजीराव बाळाची बोटं मोजू लागले.

"मी उद्या माहेरी जाते," अनसूयाबाई बाळाला परत घेत म्हणाल्या. "नदीच्या अंगानं पायवाट आहे. तुम्हाला यायचं असेल तर या. गाडी आणू नका. पायी या. आणि चाकं चुकली, एवढं त्या लोकांना सांगून या. बाकी मला काही नको."

त्यांनी बाळाच्या अंगावर पदर घेतला आणि तोंड फिरवलं.

तुळाजीराव रोज सकाळी पायवाटेच्या टोकापर्यंत जायचे. बाळाची त्यांना फार आठवण यायची. आता ते रांगत असेल, असं मनात यायचं. मग कुणीतरी भेटायचं आणि "काय, आज पायी?" असं विचारायचं. तुळाजीराव "सहज, फेरफटका," म्हणून परतायचे.

शेवटी रस्ता तयार झाला. सुतासारखा सरळ, कड्याच्या टोकापर्यंत. पुढे आभाळ होतं. महाराजांनी फीत कापली. गुणाजीनं निसटलेलं चाक नव्या बोल्टांनी पुन्हा ठोकून दिलं होतं. पहिली गाडी अर्थातच तुळाजीरावांची.

तुळाजीराव गाडीपाशी उभे राहिले. डाव्या हाताला पायवाट दिसत होती. मोकळी, नदीच्या अंगानं जाणारी. तिच्या दुसऱ्या टोकाला त्यांचं बाळ होतं. त्यांचा एक पाय तिकडे वळलासुद्धा.

"काय चाकं आहेत!" गर्दीतून कुणीतरी म्हणालं.

तुळाजीराव गाडीत बसले.

गाडी अगदी सरळ गेली. कुठं घासली नाही, कुठं अडली नाही, किंचाळली नाही. लोकांनी टाळ्या वाजवल्या, आणि दरीतून आवाज येईपर्यंत त्या वाजतच होत्या.

अस्वलाची हाडं दणकट असतात, म्हणून तुळाजीराव वाचले. करवंदीच्या जाळीतून त्यांना ओढून काढलं, तेव्हा त्यांनी डोळे उघडले आणि पहिला प्रश्न विचारला.

"चाकं शाबूत आहेत ना?"

चाकं शाबूत होती.

तात्पर्य: चाक गाडीला बसत नसेल तर गाडी कापावी. तेवढ्यानं भागलं नाही तर रस्ता बदलावा. रस्ता दरीत गेला तर दरी फार खोल आहे अशी तक्रार करावी. पण आपली निवड चुकली, असं चारचौघांत कधीही म्हणू नये. बायकामुलं काय, आज ना उद्या समजून घेतात. पेढे खाल्लेले लोक समजून घेत नाहीत.