जिवंत आईचा अखेरचा आवाज

पणजोबा न्यायालयाच्या दारात पक्षकारांची नावे पुकारीत. आजोबा लिलावात बोली पुकारीत. वडील स्थानकावर गाड्यांच्या घोषणा करीत. या तिघांच्या आवाजावर लोक डोळे मिटून विश्वास ठेवीत. अशा घराण्यात पोपट जन्मला, आणि नकलाकार झाला.

पहिल्या वाहिनीच्या स्पर्धेने त्याला दारातूनच परत पाठवले. नक्कल उत्तम होती. पण घरात पडद्यावर सांगण्याजोगे दुःख नव्हते. दुसऱ्या वाहिनीच्या निर्मातीबाईंनी ही उणीव न विचारताच भरून काढली. पोपट आईच्या आवाजात कडाडला आणि निवेदक गहिवरून म्हणाला, "हा आवाज आता फक्त यांच्या गळ्यात उरलाय!" मागे पडद्यावर आईचे छायाचित्र, खाली मंद ज्योत. परीक्षक रडले. पोपट पुढच्या फेरीत गेला. धडधाकट बाईला मारून टाळ्या मिळवायच्या, आणि त्याला म्हणे मनोरंजन म्हणायचे!

दुसऱ्या दिवशी शेजारीण दारातच हुंदके देऊ लागली.

"अहो, कधी गेल्या हो?"

"कोण?"

"तुम्ही!"

"मी कुठं जातेय? पाय पुसून आत या."

आई ज्याची अध्यक्षा होती त्या वाचनमंडळाने तर तिच्या जागी दुसरी नेमून तिच्यासाठी दोन मिनिटे मौनही पाळले.

"मंडळाची ती बडबडी चिटणीस माझ्यासाठी दोन मिनिटं गप्प बसली?" आई गरजली. "पोपट, हे सगळं आजच्या आज निस्तर!"

"आई, एवढी एक फेरी! जिंकलो तर माझा स्वतःचा कार्यक्रम मिळेल. तोवर जरा कळ काढ ना."

"कळ काढू? म्हणजे मेलेली राहू?"

पुढच्या फेरीला आई प्रेक्षागृहात शेवटच्या रांगेत जाऊन बसली. पोपटाने ध्वनिक्षेपक उचलला मात्र, मागून आवाज आला, "पोपट! सांग त्यांना, कोण मेलंय ते!"

पोपटाचे तोंड भीतीने घट्ट मिटले. परीक्षक ताडकन उठले.

"ओठसुद्धा हलले नाहीत! आणि आवाज थेट मागून!"

"अहो, मी बोलतेय!"

"अद्भुत!" टाळ्यांचा कडकडाट झाला.

स्वतःचा आवाजही आपला राहिला नाही, हे पाहून आई तरातरा मंचावर चढली.

"बाई, आपण कोण?" परीक्षकांनी दरडावले.

"मयत."

निर्मातीबाई पोपटाच्या कानाशी कुजबुजल्या, "ओळखत नाही म्हणा. अंतिम फेरी तुमचीच." पोपटाने एकदा त्यांच्याकडे पाहिले, एकदा आईकडे. मग घराण्याच्या खणखणीत आवाजात तो म्हणाला, "ही माझी आई. ठणठणीत आहे."

पोपट तिथेच बाद झाला. कारण जाहीर झाले: स्पर्धकाने बाहेरून आवाज आणला. खोटे कोणी रचले, याविषयी वाहिनीने चकार शब्द काढला नाही.

घरी पोपटाच्या आजी जागच्या हलल्या नव्हत्या. हा सगळा प्रकार त्यांनी दूरचित्रवाणीवर पाहिला होता. सून तणतणत आत आली.

"सासूबाई, जिवंत माणसाला मारतात म्हणजे काय!"

"नवी नवरी होतीस तेव्हा नाटकाला जायचं म्हणून कचेरीत काय सांगून रजा काढली होतीस गं?"

आई लगबगीने पिशवी खुंटीला अडकवू लागली.

"तुझे साहेब माझ्या फोटोला वाहायला फुलं घेऊन आले होते. दार मी उघडलं. बिचारे पायरीवरच मटकन बसले."

"तुम्हाला कळलं होतं? मग इतकी वर्षं बोलला का नाहीत?"

"येणं होतं माझं. आज पुरतं फिटलं. चहा टाक."