कोतवालाच्या पिसातला नवा जीव

शासनात आणि निसर्गात प्रत्येक जीवाची जागा नेमून दिलेली असते. ती सोडली की निसर्गात मरण येतं आणि शासनात चौकशी. मुखरू भुरसेने जागा सोडली नव्हती, तरी त्याची चौकशी झाली.

मुखरू हा गडचिरोली जिल्ह्यातल्या एका तालुक्यात (नाव देत नाही, तिथल्यांना माहीत आहे) कोतवाल होता. दवंडी द्यायची, नोटिसा पोचवायच्या, तलाठ्याची खुर्ची पुसायची. त्याच जंगलात कोतवाल नावाचा पक्षीही राहतो: काळा, दुभंगल्या शेपटीचा, बिनपगारी.

या पक्ष्याच्या पिसांत तिथल्या कॉलेजातल्या रंजीता मॅडमना आठ पायांचा एक नवा सूक्ष्म जीव सापडला. गोचिडाचा दूरचा नातलग, पण रक्त पीत नाही. पिसांवरचं जुनं तेल आणि बुरशी खाऊन राहतो, दुसऱ्या जातीच्या पक्ष्याकडे सहसा जात नाही. (बदलीसाठी अर्जही करत नाही.) शोध मोठा होता, पेपरातली जागा लहान होती. तिच्यात ‘पक्षी’ हा शब्द मावला नाही. मथळा आला: ‘कोतवालाच्या अंगावर आढळला नवा किडा’.

मॅडमनी तातडीने खुलासा पाठवला. पेपरनेही तो जबाबदारीने छापला: ‘कोतवालाच्या अंगावरील किडा निरुपद्रवी’.

मग मात्र लोकांचा उरलासुरला संशय फिटला: किडा आहेच. मुखरूने नोटीस दगडाखाली ठेवून लांब उभं राहावं, असं गावाने ठरवलं. त्याच्या बायकोने, रुखमाबाईने, त्याची बाज बाहेर कडुनिंबाखाली टाकली.

“मले काई वाटत नाई,” ती म्हणाली, “पण सून लेकराले घेऊन येऊन राह्यली.”

नातू एरवी आजोबाच्या कुशीत झोपायचा. मुखरूला बाजेचं काही नव्हतं. हे मात्र लागलं.

इकडे तहसीलदारांनी सर्व कोतवालांची वैद्यकीय तपासणी ठेवली. शंभर टक्के कोतवालांना पिसं नसल्याचं निष्पन्न झालं. त्यामुळे पिसांत किडे आहेत की नाहीत, यावर मत देता येईना. ‘पिसे उपलब्ध होताच फेरतपासणी करावी,’ असा शेरा पडला, आणि तोवर कोतवालांनी कार्यालयाच्या पायरीखाली थांबावं, असं ठरलं.

मुखरू पायरीखालून थेट कॉलेजात गेला. मॅडमनी माफी मागितली आणि त्याला सूक्ष्मदर्शकातून तो जीव दाखवला. मुखरूने बराच वेळ पाहिलं.

“हा त साफसफाई करते,” तो म्हणाला. “आमच्यातलाच हाय.”

माणसाला असं काही असतं का, असं त्याने विचारलं. मॅडमनी त्याच्या पापणीचा एक केस उपटून काचेवर ठेवला. काही नव्हतं. दुसरा ठेवला. त्यावर काहीतरी आखूड पायांनी सरकत होतं. मुखरू काचेपासून मागे सरकला.

“फकत कोतवालाले रायते का हे?”

बहुतेक सगळ्याच मोठ्या माणसांना असतात, मॅडम म्हणाल्या, मलाही असणार. तहसीलदारांचंही त्याने विचारून घेतलं. मग हळूच लहान लेकरांचं विचारलं.

“जन्मतः नसतात. कुणी जवळ घेतलं, मुके घेतले, की येतात.”

तहसीलदारांच्या पुढच्या बैठकीला मुखरू मॅडमना सूक्ष्मदर्शकासह घेऊन गेला आणि पायरीखालूनच म्हणाला, “साहेब, तुमच्याबी पापणीत हाय.” साहेबांनी पापणी द्यायला नकार दिला. हेडक्लार्कने (निवृत्ती जवळ आल्याने) दिली. तिच्यात दोन निघाले. साहेबांनी थोडा विचार केला आणि ‘सदर जीव सर्व संवर्गांत समान आढळत असल्याने’ चौकशी बंद केली. कर्मचाऱ्यांनी हा आदेश वाचताना डोळे चोळू नयेत, अशी तळटीप घातली. कोतवाल पायरी चढले.

रुखमाबाईने सगळं ऐकून घेतलं. “म्हणजे मलेबी हाय?”

“हाय.”

तिने बाज आत आणली. त्या दिवशी नातू आजोबाच्या कुशीत शिरला, आणि मुखरूने एक क्षण विचार करून त्याचा मुका घेतला.

तळटीप कुणीच पाळली नाही. तुम्हीही आत्ता पाळलेली नाही. असू द्या. जन्मलात तेव्हा तुमच्याही पापण्या साफ होत्या. त्या कुणाच्या मायेने भरल्या ते आठवा, आणि त्या माणसाला तपासणीला पाठवायचं असेल तर तसं कळवा.