तहकूब सभा, अर्ध्या तासाने

सत्ता कुणाकडेही कायम राहत नाही. हे सत्य समाजाला वेळोवेळी सांगावं लागतं, आणि सांगणारा माणूस सारखा बदलून चालत नाही. म्हणूनच सिंहगड रस्त्यावर, धायरी फाट्याच्या अलीकडे, १९९० साली 'प्रादेशिक सुरक्षा व सत्तांतर अभ्यास मंडळ' स्थापन झालं तेव्हा डॉ. श्यामसुंदर नेऊरगावकर संचालक झाले, आणि २००५ सालीही तेच होते. मधल्या काळात शेजारी देशांत किती सरकारं पडली, याची नोंद मंडळाने फार काटेकोरपणे ठेवली आहे (मंडळाच्या मते तेवीस, त्यांपैकी दोन वादग्रस्त).

मंडळाची घटना अत्यंत लोकशाहीवादी होती. संचालकांची मुदत फक्त तीन वर्षं. मात्र कलम चौदाप्रमाणे प्रदेशातील परिस्थिती अस्थिर असल्यास, ती स्थिर होईपर्यंत संचालकांना मुदतवाढ मिळे. परिस्थिती अस्थिर आहे की नाही हे एखाद्या तज्ज्ञानेच ठरवायचं, हे ओघानेच आलं. आता मंडळातले सर्वांत ज्येष्ठ तज्ज्ञ स्वतः संचालकच निघाले, त्याला कोण काय करणार?

उपसंचालक डॉ. जया भालेराव रोज येरवड्याहून स्कूटरवर येत. वडील छापखान्यात कंपोझिटर होते. त्यांच्या लेकीने 'तात्पुरत्या राजवटी कायमच्या कशा होतात' यावर सहाशे पानांचा प्रबंध लिहिला होता. कुठल्याही देशात कुणी सेनापती 'फक्त सहा महिन्यांसाठी' म्हणाला, की जयाताई चहाचा कप खाली ठेवून म्हणत, "हा आता दहा वर्षं हलत नाही." अंदाज क्वचितच चुके. संचालकांबद्दल मात्र त्या दर तीन वर्षांनी घरी सांगत, "या वेळी सर स्वतःच म्हणालेत, शेवटची टर्म."

संचालकांना त्यांचं फार कौतुक. पाहुणे आले की ते आवर्जून ओळख करून देत, "या आमच्या जयाताई. फार जिद्दीने वर आल्या." (वर, म्हणजे उपसंचालकपदापर्यंत.)

पुढच्या मे महिन्यात जयाताई साठीच्या होऊन निवृत्त होणार होत्या. (संचालकांना वयाची अट अस्थिरतेच्या काळात शिथिल होती.) म्हणजे ही मुदत त्यांची शेवटची संधी. ती खुर्ची त्यांना हवी होती, आणि हे बोलून दाखवायला त्या लाजत नसत. "पंधरा वर्षं दुसऱ्याची भाषणं लिहिली," त्या म्हणत. "एखादं तरी माझ्या नावावर जाऊ दे."

त्यातच त्या वर्षी शांततेने कहर केला. सीमेवरचा गोळीबार थांबलेला, क्रिकेटचे संघ ये-जा करत होते, इकडून तिकडे बस सुरू झाली. मंडळाचे सगळे अभ्यासक हवालदिल झाले. त्या इमारतीत रोज सकाळी पेपर उघडून खूश होणाऱ्या एकट्या जयाताई.

परिस्थिती मोजायला मंडळाचा 'अस्थिरता निर्देशांक' होता, शून्य ते दहा. पूर्वी तो संचालक खिडकीबाहेर पाहून ठरवत. आयटीचं युग आल्यावर हिंजवडीच्या आमोद नावाच्या इंजिनिअरने त्यासाठी प्रोग्रॅम करून दिला, आणि त्याला शास्त्रीय बैठक लाभली. जयाताईंनी सगळी आकडेवारी स्वतः भरली. उत्तर आलं सात. पुन्हा भरली. सात. जिथे-तिथे शून्य भरलं. सात. त्यांनी आमोदला फोन लावला.

"मॅडम, बग नाहीये तो," आमोद म्हणाला. "सरांनी रिक्वायरमेंटमध्येच मिनिमम व्हॅल्यू सात दिलीये. साइन-ऑफ आहे त्यांचा."

संचालकांनी अहवालात नोंदवलं: 'सात. पंधरा वर्षांतील नीचांक. या प्रदेशात एवढी शांतता स्वाभाविक नव्हे.' आणि मुदतवाढ सुचवली.

उरलं कलम एकोणीस. वार्षिक सर्वसाधारण सभेने मुदतवाढ बहुमताने फेटाळावी, असा मार्ग त्यात होता. पंधरा वर्षांत तिकडे कुणी फिरकलं नव्हतं. आजीव सभासद तीनशे बारा. जयाताईंनी सहा आठवडे स्वारगेटपासून धायरीपर्यंत स्कूटर पिदडली. प्रत्येक घरी चहा झाला आणि प्रत्येक घरी संताप निघाला. निवृत्त प्राध्यापिका आनंदीबाई म्हणाल्या, "अहो, मी तर शहाण्णव सालापासून हेच म्हणतेय. मला कुणी विचारलंच नाही!" सचिवालयातून निवृत्त झालेले श्रीनिवासराव म्हणाले, "ही हुकूमशाही आहे. माझं नाव लिहून घ्या. शाईने."

जयाताईंनी तक्ता केला: 'नक्की येणार' एकशे चौऱ्याहत्तर, 'प्रयत्न करतो' साठ, 'बघू' एकेचाळीस. काटेकोर अभ्यासक असल्याने त्यांनी 'बघू' आणि 'प्रयत्न' सोडून दिले, 'नक्की'चेही निम्मेच धरले. तरी सत्त्याऐंशी उरत होते. गणसंख्या होती चाळीस.

सभा रविवारी सकाळी दहाला. नोटिशीच्या तळाशी नेहमीची ओळ होतीच: 'गणसंख्येअभावी तहकूब झालेली सभा अर्ध्या तासाने त्याच ठिकाणी होईल व तिला गणसंख्येचे बंधन राहणार नाही.' दहा वाजता अकरा माणसं होती, जयाताई आणि संचालक धरून. संचालकांनी खेदपूर्वक सभा तहकूब केली आणि सर्वांना चहा सांगितला.

जयाताई ऑफिसात जाऊन फोनला बसल्या. आनंदीबाईंचा फोन वाजतच राहिला. श्रीनिवासरावांनी उचलला.

"अहो, तुम्ही निघालात ना?"

"दहाची, म्हणजे साडेदहाची ना मॅडम? आणि साडेदहाच्या सभेला गणसंख्या लागतच नाही. मग मी आलो काय अन् न आलो काय, सारखंच की! पण माझा पूर्ण पाठिंबा आहे हं तुम्हाला."

साडेदहाला मतदान झालं. मुदतवाढीच्या बाजूने सहा, विरुद्ध पाच. दोन माणसं कमी पडली. एकशे चौऱ्याहत्तरांतली दोन.

जयाताईंना रडू आलं नाही. संताप आला, आणि तो संचालकांपेक्षा स्वतःचा जास्त आला. तीस वर्षं त्या रणगाडे मोजत होत्या. रेडिओ केंद्र कुणी ताब्यात घेतलं, विमानतळ कुणी बंद केला, हे तारीखवार लिहीत होत्या. आता त्यांनी शेवटचा निबंध लिहिला. निष्कर्ष असा, की सत्ता न सोडण्यासाठी रणगाडा लागत नाही. एक नोटीस बोर्ड, अकरा कप चहा आणि अर्धा तास पुरतो, बाकीचं काम पाठिंबा देणारी माणसं घरी बसून करतात. निबंधाचं नाव होतं 'मुदतवाढीची सर्वांत सोपी पद्धत'. संचालकांनी तो मंडळाच्या नियतकालिकात पहिल्या पानावर छापला, नावाआधी फक्त 'शेजारी देशांतील' एवढे दोन शब्द घालून.

मे महिन्यात जयाताईंचा निरोप समारंभ झाला. मसालेभात आणि जिलबी होती. दोनशे तीन सभासद वेळेवर हजर होते. जयाताईंवर अन्याय झाला यावर एकमत होतं. श्रीनिवासराव भाषणात गहिवरून म्हणाले की आपल्या लोकांत जागरूकताच नाही.

आपणही इथवर वाचत आलात, चार ठिकाणी मान डोलावलीत, म्हणजे आपण जागरूक आहात यात शंका नाही. आपल्या सोसायटीच्या लिफ्टशेजारी एक नोटीस लागली आहे. चेअरमन कोण, हे आपल्याला वाचावं लागत नाही. आपण राहायला आलात तेव्हापासून तेच आहेत. सभा या रविवारी दहाला आहे. घाई करू नका. साडेदहाला ती सुरू होईल, आणि आपला पाठिंबा गृहीत धरलेला आहे.