मेश्रामभाऊंची मोहाची जेली

मेश्रामभाऊंच्या घरी पाहुण्याला पाणी मागाहून मिळतं. आधी त्याच्या नाकाखाली वाटी येते. "वास घ्या जी. दारू नाई, जेली हाय." मग ते वाटी कलती करतात, आतला ऐवज ओघळून जमिनीवर येतो आणि भाऊ म्हणतात, "थोडी कसर हाय अजून."

ही थोडी कसर पंधरा दिवस झाले संपत नाही. मी त्यांचा शेजारी, चिखल्याच्या शाळेतला मास्तर. परीक्षेचे पेपर तपासून, उन्हातून घरी येऊन चप्पल काढतो न काढतो तोच भिंतीपलीकडून हाक येते, "गुरुजी, चाखून जा!" चाखून चाखून मला आता चहाही मोहाचाच लागतो. खरं सांगतो, जीव विटला आहे.

भाऊ खाणीतून निवृत्त झालेले. पहाटे वेचून आणलेलं मोहाचं एकेक फूल उजेडाकडे धरून आतले केसर काढतात, धुतात, उकळतात, फडक्यातून गाळतात. गोठावं म्हणून कवठाचा गर घालतात. बाजारातली पावडर नको. "ते कायपासून बनते, कोणाले मालूम?"

कॉलनीला याची भारी गंमत. कारण हेच भाऊ जन्मभर लग्नाच्या मांडवात लोकांची तोंडं हुंगत फिरले. "मोह आला का मांगून बाटली येते," म्हणत त्यांनी घरात कधी फूल येऊ दिलं नाही. आता वासावर बीटचा पोलीस येऊन गेला. दोन चमचे खाल्ले आणि म्हणाला, "याच्यानं नशा बी नाई, अन् पोट बी भरत नाई."

परवा मात्र माझा तोल सुटला. "भाऊ, नुसता पाक आहे हा! लिंबू तरी पिळा!" असं म्हणत उकळत्या पातेल्यात मीच अख्खं लिंबू पिळलं. "फुलंही संपत आली. आता पुरे करा ना! कशाला एवढा खटाटोप?"

भाऊंनी पातेलं खाली उतरवलं. मला आतल्या खोलीत घेऊन गेले. वहिनी खाटेवर होत्या. हिवाळ्यात लकवा मारल्यापासून त्यांना पातळ दिलं की ठसका लागतो आणि घट्ट चावता येत नाही.

"आंबागडची पोर हाय ही," भाऊ हळू म्हणाले. "मोहाच्या फुलाईवर वाढली. लग्न झाल्यावर एकदा पदरात फुलं घेऊन आली, तं म्या ती उकिरड्यावर फेकली. चाळीस वर्सं हिनं नाव नाई काढलं. आता लकव्यानंतर पयला शब्द बोलली, तो मोह. पाजून पायलं, तं जीव गुदमरला. जेली गोठली तरच गिळन, गुरुजी."

माझी मान खाली गेली.

संध्याकाळी हाक आली. पातेल्यातलं खरंच गोठलं होतं, लिंबानं की कशानं कोण जाणे. भाऊंनी चमच्याच्या टोकावर थोडीशी घेऊन वहिनींच्या ओठांशी नेली. वहिनींनी बराच वेळ तोंडात घोळवली आणि गिळली. ठसका आला नाही.

"आंबट," वहिनी वाकड्या तोंडानं म्हणाल्या.

मी गुन्हा कबूल करायला तोंड उघडलं. पण भाऊ खाली बसले होते, वहिनींचा हात दोन्ही हातांत धरून.

"माहंच चुकलं वो," ते म्हणाले. "तवाच चुकलं."