बिरप्पांचं खाकरणं

मंद्रूपचे बिरप्पा भेटेल त्याला सांगायचे, "आमच्या घराण्यात घसा म्हणून कुणाचा बसला न्हाय! मेंढरू दोन शिवारं पल्याड असलं तरी माझ्या एका हाकेला माघारी वळायचं!" पुढं मेंढरं विकली. मुलगा जोतिराम चिंचोळीच्या कारखान्यात लागला आणि म्हातारा-म्हातारी त्याच्या सोलापुरातल्या दोन खोल्यांत राहायला आली. आणि बसायचा नाही तो घसा नेमका इथंच बसला!

दिवसभर घशात काहीतरी अडकल्यासारखं वाटायचं. भाकरीचा घास खाली उतरेना, छातीत जळजळ व्हायची, झोपेत दोनदा तर श्वास कोंडून ते दचकून उठले होते. मग एकच उद्योग. खाकरायचं! खाकरलं की पाच मिनिटं बरं, पुन्हा तेच.

आता घरची रीत अशी, की सासरा खाकरला म्हणजे मोठं माणूस आलं. सुनेनं पदर घ्यायचा, उठायचं, चहा टाकायचा. सून ऋतुजा ही रीत कधी चुकवत नसे. बिरप्पा बाहेरच्या खोलीत खाकरले, की आत तिचं पुस्तक गोधडीखाली आणि आधण गॅसवर!

"मामा, चहा."

"आण की!"

समोर आलेला चहा परत पाठवणं बिरप्पांच्या स्वभावात नव्हतं. चहानं छाती आणखी पेटायची, म्हणून आणखी खाकरायचं, म्हणून आणखी चहा!

तिकडं ऋतुजाची तलाठ्याची परीक्षा बारा दिवसांवर आलेली. मागच्या खेपेला दोन मार्कांनी हुकली होती. ही शेवटची, असं घरात ठरलं होतं.

बिरप्पांना मनातून भलतीच भीती वाटत होती. शेजारच्या गल्लीतला धुळाप्पा घशाच्याच दुखण्यानं गेला होता. शेवटी बायकोनं, म्हाळसाबाईंनी, त्यांना धरून डॉक्टरांकडं नेलं. डॉक्टरांनी नाकातून दुर्बीण घालून घसा बघितला.

"घाबरू नका. गाठ-बिठ काही नाही. पोटातलं आम्ल वर घशापर्यंत येतंय. दिवसाला चहा किती घेता?"

"मी कुटं मागतो? यील तेवढा पितो."

"किती येतो?"

"अकरा," म्हाळसाबाई म्हणाल्या.

"अकरा!" डॉक्टरांचं पेन थांबलं.

"व्हय. हे खाकारत्यात, तिला वाटतं सासरा आला. अकरा डाव पुस्तक टाकून उठती बिचारी. सकाळधरनं एकच पान घिऊन बसलीया, सायेब!"

गाठ नाही म्हटल्यावर बिरप्पांना आनंद व्हायला हवा होता. झालाही. पण रिक्षात बसल्यावर दुसरंच काहीतरी टोचायला लागलं. आपल्या एका आवाजावर कुणीतरी धडपडत उठतं, हे त्यांना आयुष्यभर आवडत आलं होतं. उठणारीचं काय होतं, ते कधी बघितलंच नव्हतं. त्यांना लाज वाटली.

ठरलं! आता खाकरायचंच नाही. घर आल्यावर म्हाळसाबाई शेजारणीशी बोलत थांबल्या आणि बिरप्पा चपला हातात घेऊन, चवड्यांवर चालत आत शिरले. ऋतुजा पाठमोरी बसून मोठ्यानं वाचत होती. पदर खांद्यावर, आवाज कसा मोकळा! लग्नाला चार वर्षं झाली, पण तिचा हा आवाज त्यांनी कधी ऐकलाच नव्हता. ते ऐकत उभे राहिले. तेवढ्यात ती वळली.

"आई गं! चोर!" आणि चारशे पानांचं सामान्य ज्ञान बिरप्पांच्या छातीवर आदळलं!

"अगं मी हाय, मी!"

"मामा! खाकरून यायचं की! जीव गेला असता माझा!"

बोलून गेली आणि तिनं जीभ चावली. पदर सावरत उठायला लागली.

"बस, बस. उठू नगंस," बिरप्पा छाती चोळत म्हणाले. "मला चहा बंद झालाय. आन् मी खाकारलो तरी उठायचं न्हाय. ते पोटातलं आम्ल हाय, सासरा न्हवं!"

ती पुन्हा खाली बसली. मग हळूच म्हणाली, "मामा, मग माझ्यापुरता ठेवता का? अर्धा कप."

बिरप्पा ओट्यापाशी गेले. जन्मात पहिल्यांदा गॅस पेटवला, तोही तिसऱ्या काडीला. पाणी उकळलं, पत्ती टाकली, पण साखर काही सापडेना. सवयीनं ते खाकरले.

ऋतुजा जागची हलली नाही. पुस्तकातनं मान वर न करता म्हणाली, "डाव्या हाताला, हिरव्या झाकणाचा डबा!"