सासूबाईंसह रंगीत तालीम

दोन दिवसांची सहल आखण्यात माझा हात धरणारा कुणी नाही, हे आधीच सांगून टाकतो. मी नाटकांची प्रकाशयोजना करतो. पडदा वर गेल्यावर काय काय चुकू शकतं, ते मला पडदा वर जायच्या आधीच ठाऊक असतं. म्हणून या वेळी मी ठरवलं, सहलीचीसुद्धा रंगीत तालीम करायची!

कारणही तसंच होतं. आम्ही दोघं जेव्हा जेव्हा बाहेर पडलो, तेव्हा तेव्हा कुठल्यातरी नाट्यगृहात फ्यूज उडाला आणि मी अर्ध्या रस्त्यातून माघारी फिरलो. गेल्या महिन्यात बायको म्हणाली, "शेवटचं विचारते. दोन दिवस, फक्त आपण दोघं. हेही बोंबललं तर पुन्हा कधी विचारणार नाही." भांडून म्हणाली असती तर मी निवांत झोपलो असतो. शांतपणे म्हणाली, म्हणून माझी झोप उडाली.

शहर तिनेच निवडलं. मधोमध तळं, तळ्याच्या टोकाला धबधबा आणि काठावर एक जुना बुरूज. बाकी सगळं माझ्यावर सोपवलं. आता बुरुजाच्या खिडकीत संध्याकाळचं ऊन तिच्या चेहऱ्यावर कसं पडतं, होडीत कुठल्या बाजूला बसलं की डोळे दिपत नाहीत, हे आधी जाऊन बघायला नको? पण रिकाम्या जागेवर प्रकाश लावता येत नाही. तिथे माणूस उभा करावा लागतो, आणि तोही नेमक्या उंचीचा. बायकोच्या उंचीची बाई माझ्या ओळखीत एकच, तिची आई.

अडचण एवढीच, की सासूबाईंचा गुडघा दुखायचा. बायको दिवसभर चष्म्याच्या दुकानात लोकांचे डोळे तपासते आणि सुटली की थेट आईकडे जाते. आईला जिने चढउतार झेपत नाही म्हणून सामान वर नेऊन देते, गुडघ्याला तेल चोळते, मग दमून घरी येते. मी आपलं भीत भीत सासूबाईंना विचारलं. त्या म्हणाल्या, "बस किती वाजता आहे?"

"पण आई, तुमचा गुडघा?"

"तो येईल बरोबर. मात्र हिला कळता कामा नये, जावईबापू. शपथ घ्या."

मी शपथ घेतली. सासूबाईंनी लेकीला शेजारच्या भजनाचं कारण सांगितलं, मी तालमीचं, आणि सकाळी निघालो. होडीत मी त्यांना तीनतीनदा जागा बदलायला लावली. बुरुजावर त्या माझ्या पुढे तरातरा चढून गेल्या. वरच्या खिडकीत त्यांना उभं करून, बायकोला सांगायचं ठरवलेलं चार वाक्यांचं मनोगतही मी म्हणून दाखवलं. त्यांनी पदराने डोळे पुसले. तालीम इतकी छान झाली, की मला तिथेच धास्ती वाटायला हवी होती. तालीम छान झाली की प्रयोग पडतो, असं आमच्या नाटकातली जुनी माणसं म्हणतात.

पुढच्याच आठवड्यात आम्ही दोघं त्या काठावर उभे होतो. होडीवाल्याने मला बघितलं आणि त्याचा चेहरा उजळला.

"साहेब, परत आलात? त्या दिवशीच्या बाई नाही आल्या?"

"कोण बाई?" बायकोने विचारलं. मला नाही, त्याला.

"दादा, तुमची काहीतरी गल्लत होतेय," मी म्हणालो.

"गल्लत कशी होईल? भर तळ्यात तुम्ही त्यांना उठवून इकडून तिकडे बसवत होतात. तोंडावर उजेड नीट येत नाही म्हणून. होडी उलटता उलटता राहिली. असं गिऱ्हाईक कुणी विसरतं का?"

उजेडासाठी बाईमाणसाला होडीत उठवणारा पुरुष जगात एकच आहे, हे बायकोला पक्कं माहीत होतं. होडीत ती धबधब्याकडे बघत बसली. मीही बघत बसलो. एवढा मोठा धबधबा, पण मला त्याचा आवाज काही ऐकू येईना.

बुरुजाच्या दाराशी तिकीट देणाऱ्या बाईने उरलीसुरली कसर भरून काढली. "आज दमानं चढणार वाटतं? त्या दिवशीच्या बाई कशा भराभर चढल्या."

बायको माझ्या पुढे जिना चढून गेली. वरच्या पायरीवर ती मटकन बसली. "कोण होती ते सांग. नाहीतर मी संध्याकाळच्या बसने जाते."

शपथ एकीकडे, संसार एकीकडे. "तुझी आई होती," मी म्हणालो.

"लाज नाही वाटत? जिला घरचा जिना चढवत नाही, तिला पुढे करतोस?" तिचे ओठ थरथरत होते. मी खरंच घाबरलो. तिने पर्समधून फोन काढला, आईला लावला आणि माझी फजिती मला नीट ऐकू यावी म्हणून स्पीकर चालू केला.

"आई, तू याच्याबरोबर बुरुजावर आली होतीस?"

"मी? अगं, माझा गुडघा..." आणि सासूबाई थांबल्या. मी डोळे मिटून घेतले. मग फोनमधून बारीक आवाज आला. "वर पोचलात का? पश्चिमेच्या खिडकीत उभी राहा. तिथून धबधबा अख्खा दिसतो."

बायको उठून खिडकीत गेली. धबधबा अख्खा दिसत होता.

"गुडघा कधीचा बरा झालाय गं," सासूबाई म्हणाल्या. "पण तसं सांगितलं असतं तर तू रोज कशाला आली असतीस?"

बायकोने हातातल्या फोनकडे डोळे वटारले. मग सासूबाईंनीच विचारलं, "जावईबापूंनी ते मनोगत म्हटलं का?"

"कसलं मनोगत?" बायको माझ्याकडे वळली. ऊन बरोबर तिच्या चेहऱ्यावर पडलं होतं, ठरवलं होतं तसंच. आणि मला एक शब्द आठवेना.

"इतकी वर्षं," फोनमधून कुजबुज आली.

"इतकी वर्षं," मी म्हणालो.

"मी दुसऱ्यांच्या चेहऱ्यावर उजेड टाकत बसलो."

मी तेही म्हटलं.

"आणि तुला घरी एकटीला ठेवलं."

तेही म्हटलं. बायकोचे डोळे भरून आले. वाक्यं दुसऱ्याच्या तोंडून आली तरी खरी होती.

"यापुढे फ्यूज उडाला तर उडू दे."

"यापुढे फ्यूज उडाला तर उडू दे."

"आणि पुढच्या महिन्यात तुझ्या आईला धबधब्यापाशी अगदी जवळ घेऊन जाऊ."

"आणि पुढच्या महिन्यात तुझ्या आईला..." मी म्हणून मोकळा झालो आणि मग माझ्या लक्षात आलं, की हे मी लिहिलंच नव्हतं.

बायको रडता रडता हसायला लागली. तिने फोन जवळ घेतला आणि म्हणाली, "आई, नक्की जाऊ. फक्त आपण दोघी." मग माझ्याकडे बघून तिने प्रेमाने विचारलं, "तुला तेव्हा प्रयोग असेलच ना?"

नव्हता. पण एवढ्या आशेने विचारत होती, म्हणून असेल म्हणालो.