साहेबांच्या अंगात शुक्रवारी येतं

सकाळी फिरायला जायचं नाही, एवढंच मी ठरवलं होतं. यातून कुणाचं काही बिघडेल असं तुम्हाला तरी वाटलं असतं का?

डॉक्टर म्हणाले होते, "मिलिंदराव, पोट कमी करा. रोज चाला." चालायला माझी ना नव्हती, लोकांनी बघायला होती. आमच्या पालेगावच्या कॉम्प्लेक्समध्ये सकाळी सगळी बिल्डिंग बाल्कनीत दात घासत उभी असते. मी एकदाच ट्रॅक पँट घालून बाहेर पडलो, तर दुसऱ्या मजल्यावरून आवाज आला, "काय साहेब, टँकर आला का?" (आमच्याकडे घाईत चालणारा माणूस टँकरकडेच चाललेला असतो, असा समज आहे.) मी "बघून सांगतो," म्हणालो आणि घरात येऊन दार लावून घेतलं.

मग उल्हासनगरच्या कल्पेशनं मार्ग दाखवला. त्याचं जुन्या टीव्ही आणि मिक्सरचं दुकान आहे. त्यानं गिऱ्हाइकाकडून आलेला एक व्हिडिओ गेमचा डबा माझ्यापुढे ठेवला. "बॉस, हे दोन हातात पकडायचं, हे एक मांडीला बांधायचं. तू उडी मारला, टीव्हीतला माणूस उडी मारला. तू बसला, तो पण बसला. चीटिंग चालतच नाही!"

प्रीतीनं डबा बघितला आणि विचारलं, "अहो, जेवल्यावर ताट सिंकपर्यंत नेताना तुम्हाला धाप लागते. उड्या कोण मारणार?"

"बघशील तू," मी म्हणालो. खरं तर तिनंही बघू नये अशीच माझी इच्छा होती. त्यासाठी शुक्रवार सोयीचा होता. मी अंबरनाथ एमआयडीसीतल्या एका केमिकल कंपनीत स्टोअर्समध्ये आहे आणि आम्हाला साप्ताहिक सुट्टी शुक्रवारची. प्रीती बदलापूरला शाळेत शिकवते, तिला रविवारची. लग्नाला इतकी वर्षं झाली, पण आम्ही पूर्ण दिवस एकमेकांच्या समोर फारसे आलेलो नाही. आमच्या सुखी संसाराचं रहस्य विचारलंत तर मी एमआयडीसीकडे बोट दाखवीन.

टीव्ही मी मागच्या खोलीत नेला आणि खिडकीखालच्या बुटक्या टेबलावर ठेवला. पुढच्या खोलीत ठेवला असता तर सगळ्या कॉम्प्लेक्सनं बघितलं असतं. मागची खिडकी कुणाच्या दृष्टीस पडत नाही, कारण तिकडे कॉम्प्लेक्सचा एकही माणूस फिरकत नाही. तिथली कंपाउंड वॉल बिल्डर 'लवकरच' बांधणार आहे. वॉल नसल्यामुळे तिकडून गावातल्या लोकांची शेताकडे जायची जुनी पायवाट जाते, ही गोष्ट मात्र मी हिशेबात धरली नाही. आमचा फ्लॅट तळमजल्याला आहे हेसुद्धा त्या क्षणी लक्षात आलं नाही.

आता तुम्ही पायवाटेवरून या आणि आत बघा. टीव्ही तुम्हाला दिसत नाही, तो खिडकीच्या खाली आहे. गेमचा आवाज ऐकू येत नाही, कारण वरच्या मजल्याची तक्रार नको म्हणून मी हेडफोन लावलेत. दिसतो तो फक्त मी. अंगात बनियन, डोक्याला ओला पंचा गुंडाळलेला, घामानं निथळतोय, डोळे अर्धे मिटून खाली लागलेत, दोन्ही हात हवेत चाललेत, मध्येच उडी मारतोय आणि मध्येच "हां! हां!" करून ओरडतोय. तेही दर आठवड्याला, न चुकता, देवीच्या वारी!

पहिल्यांदा बघितलं ते गोदूआजीनं. ती गावातली, एका म्हशीच्या दुधावर आपलं सगळं भागवणारी. त्या दिवशी तिची म्हैस सुटून गेली होती. आजी शोधत खिडकीपाशी आली, मला बघून हात जोडून उभी राहिली आणि विचारती झाली, "माये, माजी म्हस कुठं गेली?" मी त्या वेळी टेनिस खेळत होतो. मी बारवी धरणाच्या दिशेला जोरदार फोरहँड मारला. म्हैस त्याच दिशेला सापडली. (ती दर वेळी तिकडेच सापडते, कारण चारा तिकडेच आहे. पण या वेळी म्हशीला श्रेय मिळालं नाही.)

यातलं काहीही मला माहीत नव्हतं. मला एवढंच दिसायचं, की शुक्रवारी खिडकीच्या कठड्यावर नारळ येतो. कधी सोबत लिंबं असतात. नवीन बिल्डिंगला दृष्ट लागू नये म्हणून कुणीतरी ठेवत असेल, असं मी स्वतःला समजावलं. आपण पुरोगामी माणसं, नारळ वाया घालवणं आपल्या विचारात बसत नाही. मी तो फोडायचो आणि चटणी करून ठेवायचो. प्रीतीनं विचारलं तेव्हा सांगितलं, "ऑफिसात वाटले." केमिकल कंपनीत नारळ का वाटतील, हे तिनं विचारलं नाही.

आता अण्णांबद्दल सांगायलाच हवं. अण्णा म्हणजे माझे वडील, सुदाम. आजोबांनी घरातले देव उल्हास नदीत सोडले तेव्हा ते काठावर उभं राहून बघत होते. तेव्हापासून आजपर्यंत या पंचक्रोशीत एका बुवाला त्यांनी सुखानं बसू दिलेलं नाही. अंबरनाथच्या आमच्या विहाराच्या समितीचे ते कायमचे अध्यक्ष. यंदा मात्र समितीनं ठरवलं होतं, की अध्यक्षपद तरुण माणसाकडे द्यायचं, आणि अण्णांनी माझं नाव सुचवलं होतं. पौर्णिमेच्या कार्यक्रमात मी 'अंगात येणे : एक थोतांड' या विषयावर बोलायचं आणि अण्णांनी सगळ्यांसमोर सूत्रं माझ्या हाती द्यायची, असं ठरलं होतं. माझ्या जन्मापासून अण्णा मला "बरा आहे" यापलीकडे काही म्हणालेले नाहीत. हे अध्यक्षपद म्हणजे त्यांच्या तोंडून निघालेलं पहिलं "शाबास" होतं. मला ते फार हवं होतं.

माझं भाषण तपासून द्यायला अण्णा एका शुक्रवारी दुपारी न कळवता आले. पायवाटेनं आले, कारण तिकडून रिक्षा स्टँड जवळ पडतो. बघतात तो मुलाच्या बिल्डिंगमागे बायकांची रांग. प्रत्येकीच्या हातात नारळ.

"काय आहे इथं?" अण्णांनी विचारलं.

"देवीचं ठिकान हाय. साहेबांच्या आंगात येतं, सुक्रवारी."

"कोण साहेब?"

"नाव ठावं नाय. पन खरं सांगतं त्ये. गोदूची म्हस गावली."

अण्णांचे डोळे चमकले असणार. रिटायर झाल्यापासून त्यांना ताजा बुवा मिळाला नव्हता. त्याला रंगेहाथ पकडायचं म्हणून ते निमूटपणे रांगेत उभे राहिले. त्यांच्यापुढे गोदूआजी होती.

मी त्या दिवशी बॉक्सिंग खेळत होतो आणि मार खात होतो. समोरचा ठोसे मारत सुटला की दोन्ही हात तोंडासमोर फुलीसारखे धरायचे आणि मान डावी-उजवीकडे हलवायची, असा त्यात बचाव आहे. बराच वेळ बचाव केल्यावर मी हरलो. पंच्यानं तोंड पुसायला मान वर केली, तर गजांच्या पलीकडे अण्णा. पांढरा शर्ट, खिशाला पेन, हातात माझं भाषण.

मी हेडफोन काढले.

अण्णांनी हात जोडले. "देवा," ते अगदी शांतपणे म्हणाले, "मला एक मुलगा होता. अंधश्रद्धेविरुद्ध भाषणं करायचा. कुठं गेला, सांगता का?"

जमीन दुभंगून पोटात घेईल तर बरं, असं लोक म्हणतात. मला ते मनापासून वाटलं, पण तळमजल्याला तेवढीही सोय नाही, खाली पार्किंगसुद्धा नाही.

"अण्णा, हा व्यायाम आहे!"

"आत्ता या बाईंनी तुला काय विचारलं, ऐकलंस?"

"हेडफोन होते..."

"यांना मोतीबिंदू आहे. शिबिरात ऑपरेशनची तारीख मिळालीय. डोळा करून घेऊ का नको, असं यांनी तुला विचारलं. तू हातांची फुली केलीस आणि मान हलवलीस. या आता तारीख सोडायला निघाल्यात."

इथपर्यंतची माझी लाज पोटाची, बनियनची आणि अण्णांची होती. आता मात्र ती आजीच्या डोळ्यांची झाली. लोकांनी चालताना बघू नये म्हणून मी घरात लपलो आणि त्यापायी एक म्हातारी आंधळी होणार होती. मी होतो तसाच, मांडीला पट्टा बांधलेला, धावत बाहेर गेलो.

"आजी, माझ्या अंगात काही येत नाही. मी खेळत होतो. पोट कमी करायला. तुम्ही काय विचारलं ते मला ऐकूसुद्धा आलं नाही."

आजीनं माझ्याकडे दयेनं बघितलं. "तुला कसं आठवंल, बाबा? आंगात आल्यावर मानसाला मागून कायच आठवत नाय. आमच्या जाऊबाईचं आसंच होतं."

रांगेनं माना डोलावल्या. मी अण्णांकडे बघितलं. एवढी वर्षं बुवाबाजीशी लढलेला माणूस, पण आपण बुवा नाही असं शपथेवर सांगणारा बुवा त्यांनीही पहिल्यांदाच बघितला होता.

"अहो, तो टीव्हीवरचा गेम आहे!" मी कळवळून म्हणालो.

"मंग देवी टीवीत येत आसंल."

अण्णा पुढे झाले. "आजीबाई, माझ्यावरही विश्वास ठेवू नका आणि याच्यावर तर अजिबात नको. भगवान बुद्ध काय सांगतात? या आणि पाहा. चला आत."

सगळी रांग घरात आली. नारळ डायनिंग टेबलावर मांडले गेले. अण्णांनी स्वतः आजीच्या हातात गेमचा दांडा दिला, त्याचा पट्टा मनगटाला बांधला आणि सांगितलं, "हात फिरवा. तुम्ही हलवाल तसा तो टीव्हीतला माणूस हलेल. बघा, देवी आहे का तुमचाच हात आहे."

मी चेंडूनं बाटल्या पाडायचा खेळ लावला. आजीनं हात फिरवला. टीव्हीतल्या माणसानं चेंडू टाकला आणि सगळ्या बाटल्या आडव्या केल्या. (मला हे अजून जमलेलं नाही.) बायका ओरडल्या, "अगो गोदू, तूच केलास!"

"काय केलं मी?" आजी टीव्हीला नाक लावून म्हणाली. "या उजेडात मना तर निस्तं पांढरं दिसतंय."

अण्णा हळूच म्हणाले, "म्हणजे हा देव आहे का माणूस, हे बघायला तुम्हाला डोळे लागणार."

आजीनं बराच विचार केला. पट्टा सोडून माझ्या हातात दिला. "बरं. पयले डोळं करते. मंग येऊन बघते, ह्यो खरा का खोटा."

शिबिराची तारीख वाचली.

संध्याकाळी प्रीती आली. अण्णांनी तिला सगळं सविस्तर सांगितलं, टेनिसच्या फटक्यासकट. ती ऐकून घेत होती. शेवटी तिनं एकच विचारलं, "म्हणजे इतके दिवस आपण नैवेद्याची चटणी खातोय? मी स्टाफरूममध्येसुद्धा वाटली हो!"

पौर्णिमेला विहार भरून गेला होता. अण्णांनी माझ्या भाषणाचा कागद घडी करून खिशात ठेवला. "चिरंजीव आज बोलणार नाहीत," त्यांनी माइकवर सांगितलं. "करून दाखवतील." चमत्कारांचं प्रात्यक्षिक दाखवण्याची आमच्या कार्यक्रमात पद्धतच आहे. कुणी कापूर खाऊन दाखवतं, कुणी नारळातून करणी काढतं. यंदा मी होतो. प्रोजेक्टर लावला होता, मांडीला पट्टा बांधला होता, आणि जय भीम घालायला आलेला अर्धा अंबरनाथ मला उड्या मारताना बघत होता. पहिल्या रांगेत काळा चष्मा लावून गोदूआजी बसली होती. एक डोळा झाला होता. तिनं आधी पडद्याकडे बघितलं, मग माझ्याकडे, मग पुन्हा पडद्याकडे.

"खोटाच हाय," तिनं मोठ्यानं निकाल दिला. विहारात टाळ्या पडल्या. अण्णांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला. मला वाटलं, आता. आता म्हणतील.

"हे कुणालाही जमतं," अण्णा म्हणाले, "मीही करून दाखवतो." पांढरा शर्ट न चुरगळता त्यांनी सावकाश, शिस्तीत सगळे हात केले, बैठका मारल्या आणि श्वाससुद्धा न चढता उभे राहिले. या गेममध्ये शेवटी एक चावट प्रकार असतो, हे मी त्यांना सांगायला विसरलो होतो आणि तो बंद करायलाही विसरलो होतो. खेळणाऱ्याच्या शरीराचं वय यंत्र पडद्यावर दाखवतं. मोठ्या अक्षरात. दोघांचं, शेजारी शेजारी.

अण्णा शहात्तर वर्षांचे आहेत. यंत्रानं त्यांना एकसष्ट दिले. मी सेहेचाळीसचा आहे. मला त्र्याहत्तर दिले.

अण्णांनी चष्मा पुसून दोन्ही आकडे नीट वाचले आणि पुन्हा माइक हातात घेतला.

"समितीचा ठराव आहे, की यंदा अध्यक्षपद तरुण माणसाकडे द्यायचं. ठरावाप्रमाणे ते मी माझ्याकडेच ठेवतो."

टाळ्या थांबेनात. सगळ्यात जोरात प्रीती वाजवत होती.